व्हायोला डेव्हिसचं ‘फाइंडिंग मी’: वाचू नका, ऐका

काचबिंदूमुळे बारीक अक्षर वाचणं माझं दोन वर्षांपूर्वी सुटलं. तेव्हापासून लेक फोनवर ऑडिओबुकं लावून देते. खूप ऐकली, पण कोणाला मुद्दाम सांगावंसं वाटलं ते हे एकच. व्हायोला डेव्हिस या अमेरिकन अभिनेत्रीचं आत्मचरित्र, तिच्याच आवाजात. सुमारे सव्वानऊ तासांचं आहे. मी रोज संध्याकाळी भाजी निवडताना तासभर ऐकत होते, शेवटी शेवटी भाजी तशीच राहायची.

आधी इशारा देते: सुरुवातीलाच कचकचीत शिव्या आहेत. घरात लहान मुलं असतील तर कानात इअरफोन घाला.

अमेरिकेत टीव्हीसाठी एमी, ध्वनिमुद्रणासाठी ग्रॅमी, सिनेमासाठी ऑस्कर आणि ब्रॉडवेच्या रंगभूमीसाठी टोनी ही चारही पारितोषिकं स्पर्धेत जिंकणाऱ्याला ‘इगॉट’ म्हणतात. असे कलाकार फार थोडे. व्हायोलाबाईंना २००१ आणि २०१० साली टोनी मिळालं, २०१५ मध्ये एमी, २०१७ मध्ये ऑस्कर. ‘फेन्सेस’मधल्या रोझ या एकाच भूमिकेने त्यांना आधी रंगमंचावर टोनी दिलं आणि मग पडद्यावर ऑस्कर. राहिलं होतं ग्रॅमी. ते ५ फेब्रुवारी २०२३ रोजी मिळालं, ते याच ऑडिओबुकासाठी.

नटमंडळी ग्रॅमीचा टप्पा गाठतात ते बऱ्याचदा बोललेल्या शब्दावर. हेलन हेजना ते अमेरिकेच्या इतिहासातल्या दस्तऐवजांच्या वाचनासाठी मिळालं होतं, ऑड्री हेपबर्नना मुलांच्या परीकथांसाठी, तेही त्या गेल्यानंतर. व्हायोलाबाईंनी स्वतःचं बालपण वाचलं. म्हणून कागदी प्रत घेऊन काम भागेल असं मला वाटत नाही. त्यांचा आवाज मुळात खर्जातला, आणि दुखऱ्या जागी तो जड होतो तेव्हा आपणही हातातलं काम थांबवतो.

अमेरिकेच्या ऱ्होड आयलंड राज्यातलं सेंट्रल फॉल्स हे त्यांचं गाव. पडक्या इमारतीतलं घर, घरात उंदरांचा सुळसुळाट. रात्री उंदीर चावू नयेत म्हणून ही मुलगी मानेभोवती कापड गुंडाळून झोपायची. बाप दारू पिऊन आईला मारायचा. थंडीत नळ गोठायचे, गरम पाणी नसायचं. रात्री गार पाण्यात धुतलेले कपडे सकाळी ओलेच अंगावर चढवायचे. त्यात ही मुलगी मोठी होईपर्यंत अंथरूण ओलं करायची. अंगाला वास येतो म्हणून शाळेत बोलणी बसायची. घरी पाणी येतं का, हे मात्र कोणी विचारत नसे.

इथे मी ऐकणं थांबवलं. तीस वर्षं मी नगरपालिकेच्या शाळेत शिकवलं. दुसरीतल्या एका मुलाला वास येतो म्हणून मी दाराजवळच्या बाकावर एकटं बसवलं होतं, आणि त्याच्या आईला निरोप धाडला होता की मुलाला आंघोळ घालून पाठवत जा. त्यांच्या वस्तीत पाणी किती वाजता येतं हे मलाही कधी विचारावंसं वाटलं नाही. तो मुलगा आता कुठे असेल कोण जाणे. दोन दिवस पुढचं लावलंच नाही मी.

माझं सर्वांत आवडतं प्रकरण नाटुकल्याचं. गावातल्या जेंक्स पार्कात स्पर्धा होती. व्हायोला आणि तिच्या बहिणींनी स्वतःच प्रवेश लिहिला, तालमी केल्या आणि पहिल्या आल्या. बक्षिसात सॉफ्टबॉल खेळायचं साहित्य मिळालं, लाल प्लॅस्टिकच्या बॅटसकट. ती बॅट पुढे घरात उंदीर मारायला वापरली! मी वर्षानुवर्षं पोरांना घेऊन बालनाट्य स्पर्धेला जात होते. मागच्या वर्षीचे पडदे उसवून पोशाख शिवायचे, एसटीच्या टपावर सेट बांधायचा. त्यामुळे जिंकल्यावर या मुलींना काय वाटलं असेल ते मला कोणी समजावून सांगायची गरज पडली नाही.

पुढचा भाग थोडा उतरतो. जुलियार्ड या न्यूयॉर्कच्या नाट्यशिक्षण संस्थेतली घुसमट छान आलीय. गोऱ्या नाट्यपरंपरेच्या साच्यात आपलं काळं शरीर, आपला आवाज बसवताना होणारी ओढाताण त्या मनापासून सांगतात. हॉलिवूडचं यश मात्र भरभर उरकलंय. वडिलांच्या शेवटच्या दिवसांपाशी आवाज पुन्हा जमिनीवर येतो. ज्या माणसाने घरात दहशत घातली त्याला त्यांनी माफ केलं, आणि ते ऐकताना कुठेही खोटं वाटत नाही.

इंग्रजी अमेरिकन वळणाचं आहे, पहिला तासभर कान सरावत नाही. वेग थोडा कमी करून ऐका. मी तसंच केलं.

जूनमध्ये शाळा उघडली की जुन्या शाळेत जाऊन मुलांना तो जेंक्स पार्कचा प्रसंग मराठीत सांगायचं ठरवलंय. लाल बॅट, उंदीर, ओले कपडे, काही न गाळता.