बालकलाकारानं थीम पार्कात शिरायचं तर कुठून? रंगमंच, राइड की पडद्यामागचं काम

लहानपणी मालिकेत किंवा चित्रपटात काम केलेला बडोद्यातला मुलगा किंवा मुलगी थीम पार्कात नोकरी मागायला गेली, की पार्कवाले आधी स्टेजच दाखवतात. चेहरा ओळखीचा, बोलणं मोकळं, मग शोमध्येच घेऊ, असा त्यांचा हिशोब असतो. आमचा सल्ला वेगळा आहे. या धंद्यात दहा-पंधरा वर्षं टिकायचं असेल तर पहिला पूर्ण मोसम राइडवर काढावा आणि स्टेजकडे त्यानंतर वळावं. दोन-तीन वर्षंच काढायची असतील, तर स्टेज चांगलं.

जागांचं आधी सांगतो. घरी राहून करायचं तर आजव्याजवळचं आतापी आहे, शहरापासून वीसेक किलोमीटर. त्यापुढे खोपोलीचं इमॅजिका (२०१३ पासून), नाहीतर वंडरलाची पार्कं: कोची, बेंगळुरू, हैदराबाद, भुवनेश्वर वगैरे. तिथे गेलात तर राहण्याखाण्याचा खर्च पगारातून वजा करूनच तुलना करा.

रंगमंच आणि पोशाखातली पात्रं

कॅमेऱ्यापुढे भुवई हलली तरी काम होतं. खुल्या रंगमंचावर पंधरा मीटरपलीकडच्या माणसाला तुमची भुवई दिसतच नाही. त्याच्यापर्यंत खांदे, कोपर आणि चाल पोचते. ही सवय मोडायला वेळ लागतो आणि बालकलाकार सगळ्यात जास्त इथेच अडखळतात.

उलट एक गोष्ट त्यांना आयती आलेली असते. पार्कातले बरेच शो आधी ध्वनिमुद्रित केलेल्या ट्रॅकवर चालतात. दिवे, धूर, कारंजी, आतषबाजी हे सगळं टाइमकोडला, म्हणजे ट्रॅकबरोबर चालणाऱ्या घड्याळाला, बांधलेलं असतं. टाळ्या पडल्या म्हणून वाक्य दोन सेकंद लांबवलं, तर पुढचा दिवा रिकाम्या जागेवर पडतो आणि आतषबाजीच्या जागेजवळ तुम्ही नको तेव्हा उभे असता. जमिनीवरच्या खुणेवर न बघता पोचायचं हे ज्यानं सात-आठ वर्षांचा असताना शिकून घेतलंय, त्याला हे जड जात नाही. जड जातो तो चौथा प्रयोग. वीस मिनिटांचा शो दिवसातून चार-पाच वेळा करायचा असतो आणि संध्याकाळच्या प्रेक्षकानंही तिकिटाचे तेवढेच पैसे मोजलेले असतात.

आवाजाची सगळ्यात नेहमीची अडचण म्हणजे घाम. गालावरच्या माइकच्या जाळीत एक थेंब शिरला की आवाज एकदम दबतो, पाण्याखालून आल्यासारखा. घाम केसांतून निघून वायरीवरून ओघळत माइकपर्यंत येतो, म्हणून माइकच्या जरा अलीकडे वायरीला सर्जिकल टेपचे दोन-तीन वेढे द्यायचे. थेंब तिथेच अडून खाली पडतो. विंगेत दुसरा माइक तयार ठेवतात का, हे नोकरी घेण्याआधीच विचारा.

मोठ्या मुखवट्याच्या पोशाखाचं काम म्हणजे पूर्ण निराळी नोकरी. त्यात निवड अभिनयावर कमी आणि उंचीवर जास्त होते, कारण पोशाख ठरावीक उंचीच्या माणसासाठीच शिवलेला असतो. बाहेरचं दिसतं ते तोंडाच्या किंवा डोळ्यांच्या जाळीतून, आणि पायाशी आलेलं मूल अजिबात दिसत नाही. म्हणून बरोबर एक सोबती हवाच. एका फेरीला २० ते ३० मिनिटं आणि मग निदान तेवढीच विश्रांती, हे चांगल्या पार्काचं गणित. बडोद्याच्या मे महिन्यात पारा चाळिशीच्या पुढे असताना फेरी १५ मिनिटांवर यायला हवी. ‘मला आत ने’ याची हाताची खूण सोबत्याशी आधी ठरवून ठेवा. मळमळ, चक्कर, गरगरणं सुरू झालं की ती खूण करायचीच, फोटोची रांग कितीही लांब असो. सोबती दिला जात नसेल तर हे काम घेऊ नका.

कराराबद्दल एक सूचना. तुमच्या गाजलेल्या भूमिकेचे कपडे आणि संवाद पार्कात वापरण्याचा हक्क बहुतेक वेळा निर्मात्याकडे असतो, तुमच्याकडे नाही. ‘तेच पात्र करा’ असं पार्क म्हणालं, तर निर्मात्याची लेखी परवानगी पार्कानं आणायची, हे करारात घालून घ्या. जाहिरातीत तुमचं नाव आणि चेहरा किती काळ वापरणार, तेही.

राइड

राइडचा दिवस फाटक उघडण्याच्या बराच आधी सुरू होतो. देखभालवाले रूळ, बोल्ट, चाकं, हवेचा किंवा तेलाचा दाब, सेन्सर तपासून सही करतात. मग ऑपरेटर रिकाम्या फेऱ्या मारतो, आपत्कालीन थांब्याचं बटण दाबून बघतो, फाटकं आणि ध्वनिक्षेपक पाहतो आणि आपली सही करतो. दोन्ही सह्यांशिवाय राइड उघडत नाही. यामागे भारतीय मानक आयएस १५४७५ आणि आंतरराष्ट्रीय आयएसओ १७८४२ आहेत. मुलाखतीआधी त्यांची निदान तोंडओळख करून घ्या.

खरं काम प्लॅटफॉर्मवर चालतं. प्रवासी बसला, मांडीवरचा दांडा खाली आला. तो नुसता बघायचा नाही; हातानं खाली दाबायचा आणि मग वर ओढायचा. प्रत्येक सीटला हेच, नेहमी एकाच दिशेनं. मधे कुणी हाक मारली, मूल रडायला लागलं, चप्पल पडली, तर जिथे थांबलात तिथून पुढे जायचं नाही, पहिल्या सीटपासून पुन्हा. शेवटी हात उंच करून कन्सोलवाल्याला खूण. चूक सहसा तिसऱ्या तासाला होते, जेव्हा हात यंत्रासारखा चालतो आणि डोळा भलतीकडे असतो. म्हणून चांगल्या पार्कात दर अर्ध्या-पाऊण तासानं जागा बदलतात.

मुलांच्या किमान उंचीच्या नियमावरून भांडणं रोजची. ‘गेल्या वर्षी बसला होता की हो दादा!’ अशा वेळी नियम सांगण्यापेक्षा कारण सांगितलेलं जास्त पटतं. दोघांना मिळून एकच दांडा असेल, तर तो जाड मांडीच्या बाबांवर अडतो आणि शेजारच्या मुलाच्या मांडीवर मोकळी जागा राहते. म्हणून मूल धीट आहे की नाही हा प्रश्नच येत नाही.

दबाव येतो तो आकड्यांतून. २४ सीटांची गाडी दर ९० सेकंदांनी सुटली, तर तासाला ४० फेऱ्या, ९६० माणसं. १२० सेकंद लागले तर ३० फेऱ्या, ७२०. तासाला २४० माणसं रांगेत उरतात आणि वॉकीटॉकीवर ‘हात चालवा’ सुरू होतं. वेग वाढवायचा तो माणसं बसवण्यात, सामान ठेवून घेण्यात. दांडा तपासण्यात एक सेकंदही वाचवायचा नाही.

गुजरातमध्ये राहणाऱ्याला हे फार समजावावं लागू नये. जुलै २०१९ मध्ये अहमदाबादच्या कांकरियाला झोके घेणारी राइड तुटून दोघं गेले. जानेवारी २०२४ मध्ये आपल्याच हरणी तलावात क्षमतेपेक्षा जास्त भरलेली बोट उलटून १२ मुलं आणि २ शिक्षिका गेल्या. त्याच वर्षी मे महिन्यात राजकोटच्या गेम झोनच्या आगीत २७ जण. प्लॅटफॉर्मवर ‘नाही’ म्हणणारा माणूस पार्कातला सगळ्यात मोलाचा माणूस आहे, असं आम्ही मानतो.

बालकलाकार इथे चांगला का ठरतो? तीच सूचना दिवसभरात शेकडो वेळा सांगूनही ऐकणाऱ्याला ती नवी वाटली पाहिजे, आणि हे त्यानं टेकवर टेक देत शिकलेलं असतं. कॉल टाइम, म्हणजे सेटवर हजर व्हायची वेळ, पाळणं अंगवळणी असतं. त्रास एकच, लोक ओळखतात आणि फोन काढतात. प्लॅटफॉर्मवर फोटो नाही, शिफ्टनंतर बाहेर देईन, हे पहिल्या दिवसापासून ठाम ठेवा.

बढतीची वाटही इथूनच जास्त सरळ जाते: ऑपरेटर, मग लीड, सुपरवायझर, प्रशिक्षक. डिस्नेलँडमध्ये ‘बिग थंडर माउंटन’ ही राइड घडवणाऱ्या टोनी बॅक्स्टर यांनी १९६५ मध्ये त्याच पार्कात आइस्क्रीम विकण्यापासून सुरुवात केली होती.

पडद्यामागे

शो-कंट्रोल (शोमधले दिवे, आवाज, यंत्रं एकत्र चालवणं), नेपथ्य, फायबरच्या मूर्ती, देखभाल यांत शिक्षणाशिवाय शिरकाव कठीण, पण बडोद्याइतकी सोय थोड्या शहरांत असेल. सयाजीरावांच्या काळातली संगीतशाळा (१८८६) आणि कलाभवन (१८९०) आज महाराजा सयाजीराव विद्यापीठात आहेत, एक परफॉर्मिंग आर्ट्स म्हणून आणि दुसरं तंत्रज्ञान शाखा म्हणून. शिल्प आणि उपयोजित कलेसाठी तिथलीच फाइन आर्ट्स शाखा. हातानं काम करायची आवड असेल तर आयटीआयचा फिटर किंवा इलेक्ट्रिशियन पुरतो.

पैसा

स्टेजवर बहुतेकदा शोमागे किंवा मोसमापुरता करार. पावसाळ्यात प्रयोग रद्द झाला तर पैसे मिळतात का, ते लिहून घ्या. राइडवर मासिक पगार, पीएफ, आणि पगार २१,००० पर्यंत असेल तर ईएसआय (कामगारांचा आरोग्यविमा). सुट्टी मात्र आठवड्याच्या मधल्या वारी मिळते, आणि दिवाळी कामावरच जाते.

शिक्षणासाठी पैसे हवे असतील तर आधी जुनी कागदपत्रं काढा. २०१७ च्या नियमांनंतर चौदा वर्षांखालील कलाकाराच्या कमाईतली किमान २० टक्के रक्कम त्याच्या नावानं राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत जायला हवी आणि सज्ञान झाल्यावर त्याला मिळायला हवी. आईबाबांना पावती मागा.

उन्हाळी मोसमासाठी अर्ज फेब्रुवारीतच द्या. मुलाखतीत कालचं राइडचं नोंदपुस्तक बघायला मागा, आणि विचारा की चालू राइड थांबवायचा अधिकार कुणाला आहे. ‘प्लॅटफॉर्मवरच्या कुणालाही’ हेच उत्तर हवं. ‘आधी साहेबांना फोन करायचा’ असं म्हणाले, तर दुसरं पार्क बघा.