कोचीत उतरवलं आणि दुकानांतून फिरवलं : नागपूरहून क्रूझला निघणाऱ्यांसाठी

हिवाळा लागला की नागपुरात क्रूझच्या जाहिराती सुरू होतात. मुंबईहून जहाज, वाटेत गोवा नाहीतर कोची, परत मुंबई. पावसाळ्यात पश्चिम किनाऱ्यावरच्या या फेऱ्या बंद असतात, त्यामुळे सगळी गर्दी दिवाळीपासून उन्हाळ्यापर्यंत. जहाजाचं तिकीट घेताना फारशी अडचण येत नाही. केबिन, जेवण, सगळं कंपनीच्या नावावर असतं आणि पडताळून बघता येतं. गोम असते ती त्याच्यासोबत गळ्यात मारल्या जाणाऱ्या दुसऱ्या तिकिटात. जहाज बंदराला लागलं की चार-पाच तासांत शहर दाखवून आणायचं, याला क्रूझवाले ‘शोर एक्सकर्शन’ म्हणतात. आमच्या कॉलनीतल्या चौदा जणांना त्यात लुबाडलं. त्यातले बहुतेक सत्तरीच्या पुढचे, पेन्शनवरचे. म्हणून हे सविस्तर लिहिते आहे.

एजंटचं नाव इथे देत नाही, कारण प्रकरण ग्राहक आयोगात आहे. त्याचं ऑफिस वर्धा रोडवर, चांगलं काचेचं. माणूस बोलायला गोड. ज्येष्ठ मंडळींना घरी येऊन माहिती दिली, येताना संत्रा बर्फीचा डबा आणला, माझ्या सासूबाईंच्या पाया पडला. केबिनचे पैसे घेतले, त्याची रीतसर पावती आली, जहाज कंपनीचा मेल आला. विश्वास बसला तो तिथे. मग निघायच्या पंधरवड्यात त्याचा फोन आला. “ताई, कोचीला जहाज लागते न, तिथली साइटसीइंग आताच घेऊन टाका. जहाजावर हेच साडेपाच हजाराला पडते. आपल्याकडे माणशी तीन हजार आठशे. एसी कोच, मराठी बोलणारा गाइड, जेवण, सगळी एंट्री तिकिटं, कथकली. जहाजाचंच आहे जी हे, आपण फक्त आधी बुक करून देऊन राहिलो. सीटा भरत आल्या.”

‘जहाजाचंच आहे’ हे वाक्य लक्षात ठेवा. सगळी फसवणूक त्या दोन शब्दांत आहे.

चौदा जणांचे ५३,२०० रुपये त्याने वेगळ्या क्यूआर कोडवर मागवले. पैसे गेले ते कंपनीच्या खात्यात नाही, एका व्यक्तीच्या नावावर. बदल्यात रंगीत कुपनं आली. त्यावर जहाजाचा फोटो, जहाज कंपनीचं चिन्ह, खाली ‘मट्टनचेरी राजवाडा, ज्यू सिनेगॉग, सेंट फ्रान्सिस चर्च, चिनी मासेमारी जाळी’ अशी ठळक अक्षरात नावं. कुपनाच्या मागे बारीक अक्षरात ‘कार्यक्रमात बदल होऊ शकतो’. जीएसटी नंबर कुठेच नाही.

नागपूर ते मुंबई रेल्वेने आठशे किलोमीटरच्या वर. मुंबईच्या माणसाला शंका आली तर तो बॅलार्ड पिअरला, क्रूझ सुटतात त्या धक्क्यावर, जाऊन विचारून येऊ शकतो, नाहीतर ओळखीतला कोणी ना कोणी जाऊन आलेला असतो. आपल्याकडे बंदरावर काय चालतं हे सांगणारं कोणी नसतं, आणि हेच या लोकांना बरोब्बर ठाऊक असतं. समुद्राबद्दल एजंट जे सांगेल ते खरं, अशी इथली परिस्थिती आहे.

जहाजावर दुसऱ्या दिवशी रात्री जेवण झाल्यावर आम्ही एक्सकर्शनच्या काउंटरवर गेलो. तिथल्या मुलीने कुपन उलटंपालटं करून पाहिलं आणि सरळ सांगितलं, “हे आमचं नाही.” जहाजाच्या यादीत आमच्यापैकी एकाचंही नाव नव्हतं. जहाजाची स्वतःची कोची सहल होती २,९०० रुपयांना. साडेपाच हजार हा आकडा एजंटने मनाने फेकला होता. आणखी एक गोष्ट तिने सांगितली, ती मला जास्त लागली. त्यांच्या सहलीत मट्टनचेरीचा राजवाडा नव्हताच, कारण जहाज कोचीला शुक्रवारी लागणार होतं आणि राजवाडा दर शुक्रवारी बंद असतो. आमच्या कुपनावर तो पहिल्या नंबरला होता. जहाजाच्या सहलीचं बुकिंग संध्याकाळीच बंद झालेलं. भर समुद्रात मोबाइलला रेंज नाही, एजंटला विचारणार कसं?

आता बंदरावरचा हिशोब सांगते, कारण तो कळल्याशिवाय या फसवणुकीतला धोका कळत नाही. जहाज सकाळी धक्क्याला लागतं आणि संध्याकाळी सुटतं. सुटण्याच्या बऱ्याच आधी सगळ्यांनी आत यावं अशी एक वेळ ठरलेली असते. जहाजाकडून सहल घेतलेल्यांना आधी उतरवतात, त्यांच्या बस टर्मिनलपाशीच उभ्या असतात. ती बस वाटेत अडकली तर जहाज सहसा तिच्यासाठी थांबतं, कारण ती त्यांची जबाबदारी असते. बाहेरच्या गाडीने गेलेल्यांसाठी जहाज थांबत नाही. ते सुटलं की पुढच्या बंदरापर्यंत किंवा घरापर्यंत स्वखर्चाने जायचं, आणि तुमचं सगळं सामान, औषधं केबिनमध्ये. आमच्यातल्या एका काकांचं इन्सुलिन केबिनच्या छोट्या फ्रिजमध्ये होतं.

कोचीला जहाज विलिंग्डन बेटावर लागतं. बंदर खोल करताना काढलेल्या गाळातून तयार केलेलं हे बेट. जहाजाची मंडळी बसमधून निघून गेली तेव्हा आम्ही आतच रांगेत होतो. उतरलो तर टर्मिनलपाशी आमची गाडी नाही. फोनला रेंज आली तेव्हा एजंट म्हणाला, “टेन्शन नका घेऊ ताई, गाडी गेटच्या बाहेर आहे, आत परवानगी लागते न.” ही परवानगी लागते हे त्याला आधीच माहीत होतं. गुडघे दुखणारी माणसं भर उन्हात बंदराच्या गेटपर्यंत चालत गेली, तिथे सुरक्षा रक्षकाने ओळखपत्रं बघितली आणि पुढे बोट दाखवलं. रस्त्याच्या कडेला बारा सीटांची टेम्पो ट्रॅव्हलर. चौदा जणांसाठी मधल्या जागेत दोन प्लास्टिकची स्टुलं. गाइड नाही. ड्रायव्हरला मल्याळम येई आणि कामापुरतं हिंदी.

गाडी आधी गेली ती मसाल्याच्या दुकानात. “पाच मिनट, सिर्फ देखने का.” पाच मिनिटं कसली, दार लावून वेलचीच्या, मिरीच्या पुड्या मांडल्या, प्रत्येकाच्या तळहातावर दालचिनीचा तुकडा ठेवला, ‘सरकारी भाव’ म्हणून पाटी दाखवली. तिथून दुसरं दुकान, साड्या आणि लाकडी हत्ती. दोन्ही ठिकाणी ड्रायव्हर काउंटरवर एक कार्ड देई आणि दुकानदार त्यावर शिक्का मारी. दुसऱ्या शिक्क्याच्या वेळी मी त्याच्या मागेच उभी होते. कार्डावर गाडीचा नंबर, माणसांची संख्या आणि शिक्क्यांसाठी चौकोन. आम्ही आत किती वेळ थांबलो, किती जण होतो, त्यावर त्याचे पैसे. तिथे घेतलेल्या वेलचीचा भाव एका काकूंनी परत आल्यावर इतवारीच्या किराणा बाजारात विचारला. इतवारीत ती जवळजवळ निम्म्या किमतीत मिळत होती.

दुकानांत दीड तास गेला. मग राजवाडा. गेटवर कुलूप.

माझ्या सासूबाई शाळेत चित्रकला शिकवायच्या. या राजवाड्यातल्या शयनगृहाच्या भिंतींवर रामायणाची चित्रं आहेत, आणि ती बघायची म्हणून त्या या सहलीला तयार झाल्या होत्या. पोर्तुगीजांनी १५५५ च्या सुमारास हा वाडा बांधून कोचीच्या राजाला भेट दिला, पुढे १६६३ मध्ये डचांनी दुरुस्त केला, म्हणून लोक डच पॅलेस म्हणतात. हे सगळं त्यांनी मला निघण्याआधी सांगितलं होतं. त्या गेटच्या गजांना धरून आत बघत राहिल्या. एक शब्द बोलल्या नाहीत. वय एकोणऐंशी. पुन्हा कोचीला येणं होणार नाही हे त्यांना कळत होतं, आम्हालाही कळत होतं. पैशांपेक्षा मला राग याचा आहे. शुक्रवारची सुट्टी काही अचानक येत नाही. फोनवर विचारलं असतं तरी कळली असती. त्या माणसाने विचारलंच नाही, कारण त्याला आम्हाला राजवाडा दाखवायचाच नव्हता, त्याचं नाव विकायचं होतं.

शेजारीच सिनेगॉग, म्हणजे ज्यूंचं प्रार्थनास्थळ, १५६८ सालचं, आत चीनमधून आणलेल्या निळ्या-पांढऱ्या हाताने रंगवलेल्या फरशा. ते शनिवारी बंद असतं, आणि दुपारी मध्येही बंद ठेवतात. दुकानांत वेळ गेल्यामुळे आम्ही पोचलो तेव्हा दार लावलेलं. सेंट फ्रान्सिस चर्चला दहा मिनिटं मिळाली. वास्को द गामा १५२४ मध्ये कोचीत वारला तेव्हा त्याला याच चर्चमध्ये पुरलं होतं, नंतर अवशेष पोर्तुगालला नेले. ती जागा आत दाखवतात. पण सांगायला गाइड नव्हता, आणि निम्मी माणसं थकून गाडीतच बसून राहिली. जेवण म्हणजे एका हॉटेलापुढे गाडी थांबली, पैसे आपापले. कथकलीचं नाव काढलं तर ड्रायव्हर हसला.

खरी भीती वाटली ती परतताना. विलिंग्डन बेटाकडे जाणाऱ्या तोप्पुंपडीच्या पुलाआधी गाडी कडेला घेऊन ड्रायव्हर म्हणाला, चार तास झाले, वरचे अडीच हजार द्या, मगच पोर्ट. मागे हॉर्न वाजताहेत, घड्याळ पुढे सरकतंय, इन्सुलिनवाले काका घामाघूम. माझे यजमान त्याच्याशी भांडले नाहीत, त्याला म्हणाले, “भाऊ, तुला किती मिळाले ते दाखव, मग देतो.” त्याने ड्युटी स्लिप काढून दिली. चार तास, साठ किलोमीटर, ४,५०० रुपये, तेही पूर्ण गाडीचे. यजमानांनी तिचा फोटो घेतला, त्याला अडीच हजार दिले आणि आम्ही वेळ संपायच्या थोडं आधी जहाजात पाय ठेवला. त्या ड्रायव्हरवर मी फार राग धरत नाही. त्याला साडेचार हजारांत विकत घेतलेलं होतं, बाकीचं तो दुकानांतून आणि आमच्याकडून काढत होता. ५३,२०० मधले उरलेले जवळजवळ एकोणपन्नास हजार नागपूर ते कोचीच्या मधल्या खिशांत गेले.

परतल्यावर एजंटने कानावर हात ठेवले. “कोचीच्या माणसानं धोका दिला जी, आमचाही लॉस झाला.” मग पुढच्या टूरवर प्रत्येकी हजाराची सूट देऊ केली. ती आम्ही घेतली नाही, आणि तुम्हीही घेऊ नका; सूट घेतली की ‘तडजोड झाली’ असं तो लिहून घेतो.

आमच्यातल्या दोघा-तिघांना वाटत होतं की कोची केरळात, तक्रार तिकडेच करावी लागेल, म्हणून पैशांवर पाणी सोडावं. तसं नाही. २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्याप्रमाणे आपण जिथे राहतो तिथल्या जिल्हा आयोगात तक्रार करता येते. पाच लाखांपर्यंत मोजलेल्या रकमेसाठी फी नाही, वकील लावलाच पाहिजे असं नाही, आणि घटनेपासून दोन वर्षांची मुदत असते. आम्ही आधी १९१५ या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार नोंदवली, एजंटला रजिस्टर पोस्टाने नोटीस पाठवली, तिला उत्तर आलं नाही, मग आयोगात गेलो. कामाला काय आलं तर कुपनाच्या दोन्ही बाजू, पैसे पाठवल्याचा स्क्रीनशॉट, बंद गेटचा तारखेसकट फोटो, आणि सगळ्यात जास्त ती ड्युटी स्लिप. जहाजावरच्या काउंटरच्या मुलीकडून ‘हे कुपन आमचे नाही’ असं कागदावर लिहून घेतलं होतं, तोही जोडला. ‘जहाजाचंच आहे’ हे मात्र तो फोनवर बोलला होता, मेसेजमध्ये नाही. आता आयोगासमोर तो म्हणतो, मी असं बोललोच नाही.

बाहेरून गाडी घेऊन फिरणं वाईट आहे असं मी म्हणत नाही. कोचीत अनेक जण गेटबाहेर टॅक्सी करून आरामात फिरून येतात, स्वस्तातही पडतं. पर्यटन मंत्रालयाचं ओळखपत्र गळ्यात असलेले चांगले गाइडही मिळतात. फक्त ते स्वतः ठरवून, भाव आणि परतीची वेळ आधी बोलून, जहाजाच्या वेळेआधी दीड-दोन तास हातात ठेवून करायचं असतं. बाहेरची गाडी जहाजाची म्हणून विकणं ही चोरी आहे.

आमची पुढची तारीख लागली आहे. त्याच ऑफिसमधून प्रतापनगर, त्रिमूर्तीनगर भागातली आणखी काही मंडळी याच फेरीला निघणार असल्याचं कानावर आलं आहे. तुमच्या हातात असं कुपन असेल तर आजच एजंटला व्हॉट्सॲपवर विचारा : ही सहल जहाज कंपनीची आहे का, असेल तर तिचा बुकिंग नंबर काय, आणि जहाज त्या शहरात कोणत्या वारी लागतं. तो नंबर जहाज कंपनीच्या हेल्पलाइनवर स्वतः पडताळा. एजंट उत्तर द्यायला फोन करेल. फोन उचलू नका, लेखीच मागा.