डेन्मार्कची लाल जर्सी, क्रमांक १०

२०२२ च्या फुटबॉल विश्वचषकासाठी हुम्मेल या डॅनिश कंपनीने बनवलेली डेन्मार्कची लाल जर्सी मी केवळ डॅनिश फुटबॉलपटू ख्रिश्चन एरिक्सनच्या १० क्रमांकासाठी घेतली. यजमान कतारमधील मानवी हक्कांच्या स्थितीचा निषेध म्हणून कंपनीने स्वतःचे आणि संघाचे बोधचिन्ह कापडाच्याच लाल रंगात विरघळवले असून, बाह्यांवरचे कोनाकार पट्टे जर्सी उजेडात तिरकी धरल्यावरच उमटून दिसतात. हा संयम मला मनापासून भावला.

१२ जून २०२१ रोजी कोपनहेगनच्या पार्केन मैदानावर फिनलंडविरुद्ध खेळताना एरिक्सनचे हृदय थांबले, तेव्हाही त्याच्या पाठीवर हाच आकडा होता. शरीरात आयसीडी (हृदयाचे ठोके बिघडल्यास विजेचा झटका देऊन ते सुरळीत करणारे यंत्र) बसवल्यामुळे इटलीच्या नियमांनुसार त्याला तिथल्या इंटर मिलान या आपल्या क्लबकडून खेळणे अशक्य झाले. मग त्याने इंग्लंडमधील ब्रेंटफर्ड क्लबकडून पुनरागमन केले आणि मार्च २०२२ मध्ये डेन्मार्ककडून नेदरलँड्सविरुद्ध मध्यंतरानंतर मैदानात उतरून दोनच मिनिटांत गोल केला. आयॅक्स व टॉटनहॅम या क्लबांमधली त्याची आधीची वर्षे अधिक झळाळती होती, हे मान्य. तरी माझ्या लेखी त्याच्या कारकिर्दीचा कळस हाच गोल आहे. विश्वचषकात मात्र डेन्मार्क साखळीतच गारद झाला.

कापड हलके आहे आणि घाम लवकर वाळतो. आकडा ज्या दुकानातून छापून घेतला, तिथले काम कच्चे निघाले आणि शून्याची कड सुटू लागली आहे. त्यामुळे छपाई पारखूनच जर्सी घ्यावी आणि ती उलटी करून थंड पाण्यात धुवावी.