इटलीचे आर्बरेश की ग्रीसचे आर्वानिती, या दोन समाजांत भारी कोण?

मूळ दोघांचंही अल्बेनियनच. आर्वानिती ग्रीसमध्ये आधीच येऊन स्थिरावलेले, आर्बरेश बहुतेक १५व्या शतकात, ऑटोमन तुर्क पुढे सरकत होते तेव्हा समुद्र ओलांडून दक्षिण इटलीत गेले. आता आर्वानिती ऑर्थोडॉक्स (पोपना न मानणारे पूर्वेकडचे ख्रिश्चन), शेजारी ग्रीकही ऑर्थोडॉक्स, मग काय, मिसळूनच गेले, १८२१ च्या स्वातंत्र्ययुद्धात हायड्रा बेटावरचे आर्वानिती खलाशी ग्रीसकडूनच लढले आणि आज त्यांना अल्बेनियन म्हणालात तर बरेचजण चिडतील. आर्बरेशांचं उलटं, पोपना मानतात पण बऱ्याच गावांत पूजा बायझंटाइन म्हणजे ऑर्थोडॉक्सांसारख्या पद्धतीची, म्हणून शेजारच्या इटालियन कॅथलिकांत वेगळे उठून दिसतात. सिसिलीतल्या पियाना देल्यी अल्बानेझी गावात ईस्टरला बायका सोनेरी जरीकामाचे जुने पोशाख घालून निघतात, लाल अंडी वाटतात. १९९९ च्या कायद्याने त्यांच्या भाषेला इटलीत संरक्षणपण मिळालं, ग्रीसमध्ये तसलं काही नाही. आपली ओळख टिकवण्यात आर्बरेशच भारी, पण देश घडवायला आर्वानितींचा हात मोठा.