आलांडची ग्रीक सिनॉप्सिस: काही महिन्यांच्या वापरानंतर

कुर्ट आलांड यांनी संपादित केलेली ‘सिनॉप्सिस क्वात्तुओर इव्हांजेलिओरुम’ 1963 साली स्टुटगार्टला प्रथम प्रसिद्ध झाली. चारही शुभवर्तमानांचा (बायबलमधल्या मत्तय, मार्क, लूक आणि योहान यांच्या नावाच्या येशूचरित्रांचा) ग्रीक मजकूर 367 प्रसंगांत विभागून शेजारशेजारच्या रकान्यांत मांडलेला आहे. मत्तय, मार्क आणि लूक यांत कोणी कोणाचे पाहून लिहिले, या प्रश्नावर काम करणाऱ्याला हा ग्रंथ टाळता येत नाही. नात्याचा पुरावा तो भरभरून देतो. ते नाते कोणाकडून कोणाकडे गेले, हे मात्र आपल्यालाच ठरवावे लागते.

सुरुवात पक्षाघाती माणसाच्या प्रसंगापासून करावी (मार्क 2:10, म्हणजे अध्याय 2, वचन 10; मत्तय 9:6, लूक 5:24). येशू बोलत असतानाच वाक्य अर्धवट तुटते, निवेदक त्या माणसाला उद्देशून बोलल्याचे सांगतो आणि बोलणे पुढे चालू होते. तिन्ही रकान्यांत वाक्य एकाच जागी तुटलेले आहे. तोंडी परंपरेत वचन जसेच्या तसे टिकू शकते, पण निवेदकाची अशी अडखळ तिघांकडे स्वतंत्रपणे आली हे पटत नाही. मग बाप्तिस्मा करणाऱ्या योहानाचा (शुभवर्तमानकार योहान नव्हे) उपदेश घ्यावा (मत्तय 3:7-10, लूक 3:7-9). हा मार्कमध्ये नाही. उपदेशाच्या साठाहून अधिक ग्रीक शब्दांत फरक दोन-तीनच: मत्तयात ‘फळ’ एकवचनी तर लूकमध्ये अनेकवचनी, एकीकडे ‘दोक्सेते’ (मानणे) तर दुसरीकडे ‘आर्क्सेस्थे’ (सुरुवात करणे), आणि लूककडे एक जादा ‘काय’ (ग्रीकमध्ये ‘आणि’). मार्कबाहेरचा एखादा समान लेखी स्रोत होता की लूकने मत्तय वाचला होता, हा वाद अशाच पानांवर उभा आहे.

रंगकाम मूळ प्रतीत करू नये. प्रसंगाची ए-थ्री आकारात मोठी प्रत काढावी आणि चार रंग ठरवून घ्यावेत: तिघांत समान ते निळे, मत्तय-मार्क लाल, मार्क-लूक हिरवे, मत्तय-लूक पिवळे. शब्दाचे रूप तंतोतंत तेच असेल तर सलग रेघ, धातू तोच पण काळ किंवा विभक्ती वेगळी असेल तर तुटक रेघ. हा भेद न पाळल्यास साम्य फुगलेले दिसते. हे काम भाषांतरावर करून उपयोग नाही, मराठी असो वा इंग्रजी. भाषांतरकार तीन वेगळी ग्रीक रूपे एकाच शब्दात बसवतो, कधी एकाच रूपाला तीन पर्याय वापरतो.

घोटाळा मोजणीत होतो. आलांड प्रत्येक शुभवर्तमान त्याच्या स्वतःच्या क्रमाने सलग वाचता यावे म्हणून काही उतारे दोनदा छापतात. नासरेथमधला नकार (येशूला त्याच्याच गावाने नाकारल्याचा प्रसंग) लूकच्या क्रमात 4:16-30ला येतो आणि मार्क 6:1-6च्या शेजारीही. शब्द मोजताना एकच नोंद धरावी, आणि शेवटच्या तक्त्यावरून पडताळावी. रकान्यात काय कशासमोर ठेवायचे हाही संपादकाचाच निर्णय आहे, हे सतत लक्षात असावे.

दिशेसाठी सर्वांत बोलके पुरावे म्हणजे अर्धवट राहिलेल्या दुरुस्त्या. मार्क 6:14 गालीलचा शासक हेरोद याला ‘राजा’ म्हणतो. मत्तय 14:1ला त्याची अचूक पदवी ‘तेत्रार्ख’ (राजाहून खालच्या दर्जाचा प्रांताधिपती) येते, पण 14:9ला पुन्हा ‘राजा’. नासरेथच्या प्रसंगात लूक 4:23 कफर्णहूम गावातल्या येशूच्या कृत्यांचा उल्लेख करतो, पण त्याच्या कथेत येशू तिथे पोहोचतो 4:31ला. प्रसंग कथेत आधी आणला, आतला संदर्भ तसाच राहिला. मार्क आधीचा, या मताला असे उतारे नुसत्या शब्दसंख्येपेक्षा जास्त बळ देतात.

उलट बाजूचे पानही तितक्याच काळजीने रंगवावे. मार्क 14:65च्या शेजारी मत्तय 26:68 आणि लूक 22:64 पाहा: ‘तीस एस्तिन हो पाइसास से’ (तुला कोणी मारले?) हे पाच शब्द दोघांत आहेत, मार्कमध्ये नाहीत. दोघांनी एकमेकांना न पाहता मार्क वापरला असेल तर हे आले कुठून? इथे तळटीप वाचल्याशिवाय निष्कर्ष काढू नये, कारण काही हस्तलिखितांत हे शब्द मार्कमध्येही आहेत. नकलनवीस एका शुभवर्तमानाचा मजकूर दुसऱ्याशी जुळवून घेत असत. लूक 11:2-4मधली प्रार्थना याचे ठळक उदाहरण: उत्तरकालीन प्रतींत ती मत्तयाच्या शब्दांनी भरली गेली आणि 1611च्या इंग्रजी भाषांतरात तशीच उतरली. म्हणून तळटीप नसलेली स्वस्त आवृत्ती या कामाला पुरत नाही.

खर्च जमत नसेल तर 2010पासून मोफत मिळणारा एसबीएल (सोसायटी ऑफ बिब्लिकल लिटरेचर) या संस्थेचा ग्रीक मजकूर स्प्रेडशीटच्या तीन स्तंभांत लावता येतो. एका ओळीत एकच वाक्यांश ठेवावा. तो नेस्ले-आलांडच्या (ग्रीक नव्या कराराच्या प्रमाण अभ्यास-आवृत्तीच्या) मजकुरापेक्षा 540हून अधिक ठिकाणी वेगळा आहे, तेव्हा दोन्हींतली मोजणी एकत्र करू नये.

आलांडच्या परिशिष्टातले थोमाचे शुभवर्तमान (बायबलबाहेरचा येशूच्या वचनांचा संग्रह) आणि दुसऱ्या शतकातल्या पापियास या बिशपपासूनच्या जुन्या साक्षी वरवरच्या वाटतात, पण मोहरीच्या दाण्याचा दृष्टांत (मार्क 4:30-32) थोमाच्या 20व्या वचनाशेजारी ठेवला की तिथेही रंगपेटी उघडावी लागते.