टोकियोत गाइडसोबत पळणं आणि मग सेंतो: पैसे कशाचे द्यावेत, कशाचे नाही

आधी निकाल सांगून टाकते, मग ज्यांना वेळ आहे त्यांनी पुढे वाचा. टोकियोत संध्याकाळी गाइडसोबत आठेक किलोमीटर पळायचं आणि नंतर तिथल्या सार्वजनिक न्हाणीघरात, म्हणजे सेंतोत, अंघोळ करायची अशी टूर आम्ही नवरा-बायकोने नोव्हेंबरात केली. पळण्याला पाचपैकी तीन, अंघोळीला पाच आणि टूरवाल्यांना अडीच. छोटी मंडळी आहेत, नाव घेत नाही, तक्रार एकच आहे पण मोठी आहे, ती पुढे येईलच.

पैसे म्हणाल तर दोघांचे मिळून एका बऱ्यापैकी रनिंग शूजच्या जोडीएवढे गेले.

सुरुवात कांदा भागातल्या एका सेंतोतूनच झाली. कांदा हे तिथल्या वस्तीचं नाव आहे, हसू नका, आम्ही हसून झालोय. दारात शूज काढून छोट्या लॉकरमध्ये, बॅग आतल्या लॉकरमध्ये आणि पळायच्या कपड्यांत परत बाहेर. ही काही टुरिस्टांसाठी काढलेली आयडिया नाही बरं का, राजवाड्याभोवती पळणारे तिथले ऑफिसवाले हेच करतात, सेंतोत पैसे भरायचे, सामान ठेवायचं, पळून यायचं आणि अंघोळ करून ट्रेन पकडायची. आमच्या शेजारी एक माणूस सूट उतरवून शॉर्ट्समध्ये आला आणि आमचं वॉर्मअप संपायच्या आत गायबसुद्धा झाला.

रूट असा: कांदाहून ओचानोमिझू, तिथलं 1891 चं निकोलाई कॅथेड्रल, मग उतरून सारुगाकुचो, जिम्बोचोच्या जुन्या पुस्तकांच्या दुकानांसमोरून ताकेबाशी आणि तिथून सम्राटाच्या राजवाड्याचा खंदक धरून जवळजवळ पूर्ण चक्कर, शेवटी ओतेमाची आणि परत कांदा. राजवाड्याची पूर्ण लूप साधारण 5 किलोमीटरची आहे आणि त्यात एकही सिग्नल नाही. एकही नाही! आपण ठाण्यात मानपाड्याहून निघालो की कापूरबावडीपर्यंत पळतो कमी आणि मेट्रोच्या पत्र्यांच्या कडेने अंग चोरत चालतो जास्त, त्यामुळे हे सुख काय असतं ते ठाणेकरालाच कळेल. फुटपाथमध्ये दर 100 मीटरला एकेका प्रांताच्या फुलाची फरशी बसवलीय, म्हणजे घड्याळ न बघताही अंतर कळतं. सगळे घड्याळाच्या उलट दिशेने पळतात, चालणाऱ्याला आधी वाट द्यायची आणि चौघाचौघांनी रस्ता अडवून गप्पा मारत पळायचं नाही. उपवनला रविवारी सकाळी आपली काय वरात असते ते आठवलं आणि जरा ओशाळायला झालं.

ताकेबाशीहून हान्झोमोनपर्यंत चढ आहे. येऊरचा डोंगर पळत करणाऱ्यांना तो चढ वाटणारच नाही, पण गाइडने तीनदा वॉर्निंग दिली म्हणून आम्ही उगाच घाबरून होतो. हान्झोमोननंतर साकुरादामोनपर्यंत मस्त उतार आहे, एका बाजूला काळंशार पाणी आणि समोर ऑफिसांच्या इमारतींचे दिवे. तिथे नोव्हेंबरात पाच वाजताच अंधार पडतो. साकुरादामोनच्या दारापाशी 1860 साली शोगुनचा, म्हणजे तेव्हाच्या लष्करी राज्यकर्त्याचा, मुख्य कारभारी ई नाओसुके याला भर बर्फात कापून काढलं होतं, ती गोष्ट गाइडने छान रंगवून सांगितली, फक्त घामेजलेल्या अंगाने गार वाऱ्यात ती ऐकताना माझं लक्ष गोष्टीपेक्षा पोटऱ्यांकडे होतं. अशा थांबण्याचा प्रॉब्लेम हाच आहे. पळायचा वेग किलोमीटरला साडेसात मिनिटांचा, म्हणजे निवांत, पण दर दहा मिनिटांनी ब्रेक, त्यामुळे ना धड पळणं होतं ना धड फिरणं.

म्हणूनच पळण्याला तीन. ही लूप तुम्ही एकट्याने डोळे झाकून करू शकता, त्यासाठी गाइड लागतच नाही. गाइडचे पैसे वसूल झाले ते दोन ठिकाणी, आणि दोन्ही अंघोळीशी संबंधित. एक म्हणजे सारुगाकुचोची एक साधी गल्ली, आम्ही एकटे असतो तर तिथे वळलोही नसतो. 1912 साली तिथल्या किकाई-यू नावाच्या सेंतोत पहिल्यांदा भिंतीवर फुजी पर्वत रंगवला गेला. सांगतात की मालकाला पोरांनी आनंदाने अंघोळीला यावं असं वाटत होतं, त्याने चित्रकार बोलावला, चित्रकार फुजीच्याच शिझुओका प्रांताकडचा, मग तो दुसरं काय काढणार, त्याने आपला फुजी काढला. ते सेंतो आता नाही, पण टोकियोभर सेंतोच्या भिंतींवर फुजी पसरला तो तिथून. दुसरी जागा ओतेमाचीच्या काचेच्या टॉवरांमध्ये, जिथे बँकांशिवाय काही दिसत नाही. त्याच भागात 1591 साली इसे योइची नावाच्या माणसाने एदोतलं, म्हणजे जुन्या टोकियोतलं, पहिलं सार्वजनिक न्हाणीघर काढलं असं मानतात. किल्ला उभा राहत होता, सगळीकडे मजूर, धूळ, घाम, त्यांना अंघोळ हवी होती. म्हणजे हे शहर वसतंय तेव्हापासून ही सोय आहे. घामाने चिकट झालेलं असताना हे ऐकलं की इतिहास एकदम पटतो.

आता तक्रार. सेंतोत परत आलो, लाल पडदा बायकांचा, निळा पुरुषांचा, आणि आमचा गाइड पुरुष. तो हसून म्हणाला, एका तासाने बाहेर भेटू, आणि नवऱ्याला आणि ग्रुपमधल्या बाकी पुरुषांना घेऊन निळ्या पडद्याआड गेला. आम्ही तीन बायका, मी आणि सिंगापूरच्या दोघी मैत्रिणी, तशाच उभ्या. अहो, ज्या भागासाठी गाइड लागतो नेमक्या त्याच भागात अर्ध्या गिऱ्हाइकांना गाइड नाही! बुकिंग करताना याबद्दल एक ओळ लिहिलेली नव्हती. फुकटचा एक छापील कागद दिला असता तरी चाललं असतं. पुरुषांकडे मात्र साग्रसंगीत माहिती चालू होती, नवऱ्याने नंतर सगळं सांगून जळवलं.

बरं, लाजेचं आधीच बोलून घेऊ, कारण तुम्ही तेच विचारणार आहात. हो, अंगावर एक धागा नाही. स्विमसूट चालत नाही, टॉवेल गुंडाळून पाण्यात उतरणंही चालत नाही. अकलोली-गणेशपुरीच्या गरम पाण्याच्या कुंडांवर आपण साडी किंवा पंजाबी ड्रेस घालून उतरणारी माणसं, त्यामुळे पहिली पाच मिनिटं मी लॉकरच्या दाराआड काहीतरी शोधायचं नाटक करत होते. मग लक्षात आलं की कोणी बघतच नाहीये. साठीच्या, सत्तरीच्या बायका, पोट सुटलेल्या, ऑपरेशनच्या टाक्यांच्या, कोणी नातीला घेऊन आलेल्या, सगळ्या आपापल्या पाठी घासण्यात गुंग. आपल्याकडे बाईला दुसऱ्या बाईचं साधं, वय झालेलं शरीर कधी दिसतच नाही, दिसतात त्या जाहिरातीतल्या. मला यातच सगळ्यात जास्त मोकळं वाटलं, फुजीबिजी नंतर.

आत एका आजींनी आमचा ताबा घेतला. भाषा शून्य. त्यांनी प्लास्टिकचं बुटकं स्टूल दाखवलं, पिवळी बादली हातात दिली, म्हणजे आधी नळाशी बसून साबणाने नखशिखांत स्वच्छ व्हा, साबणाचा एक फेस अंगावर राहता कामा नये, मगच टाकीत उतरा. टाकी डुंबायला आहे, धुवायला नाही. सिंगापूरवालीने टॉवेल पाण्यात बुडवला तर आजींनी तो उचलून तिच्या डोक्यावर ठेवला. मोकळे केसही वर बांधायला लावले, कारण केस पाण्याला लागायला नकोत. ती पिवळी बादली म्हणजे डोकेदुखीच्या एका औषधाची जाहिरात आहे, केरोरिन, 1963 पासून या जाहिरातीच्या बादल्या सेंतोंत आहेत आणि अजूनही चालू आहेत. जाहिरातीवर यापेक्षा शहाणा खर्च मी तरी पाहिलेला नाही.

पाणी 42-43 अंश, टोकियोवाल्यांना कडकच लागतं. दिवाळीच्या पहाटे आई बंबातलं पहिलं पाणी न विसावता अंगावर ओतायची तसं, आधी ओरडावंसं वाटतं आणि मग उठवत नाही. शेजारी गार पाण्याची छोटी टाकी, तिच्यात कशीबशी उतरून परत गरम. आठ किलोमीटर पळून दुखणाऱ्या मांड्यांना यानंतर जे काय वाटलं ते फोम रोलरने कधीही वाटलेलं नाही. बायका-पुरुषांच्या मधली भिंत छतापर्यंत जात नाही, वरून मोकळी असते, त्यामुळे मी डोळे मिटून बसलेली असताना पलीकडून खणखणीत आवाज आला, "अगं, झालं का? भूक लागलीय!" आजी काही न समजता समजल्या आणि एवढ्या हसल्या. मी उत्तर दिलं नाही, अजून दहा मिनिटं बसले.

बाहेर आल्यावर काचेच्या बाटलीतलं गार कॉफी मिल्क प्यायचं असतं, प्यालो, गोड मिट्ट आहे, तुम्हाला आवडेल न आवडेल.

खर्चाचं सांगते, कारण इथेच टूरचं गणित कळतं. टोकियोत मोठ्यांचा सेंतोचा दर ऑगस्ट 2024 पासून 550 येन झाला, आपले सव्वातीनशेच्या आसपास. हा दर सरकारच बांधून देतं, 1946 च्या किंमत-नियंत्रणाच्या हुकमावर अजून चालतंय ते, म्हणून जुनं असो की नवं चकाचक केलेलं, साध्या सेंतोची फी तीच. आणि तरी ही न्हाणीघरं बंद पडतायत, 1968 च्या सुमारास टोकियोत 2,600 च्या वर होती, आता पाचशेही नाहीत, घरोघरी बाथरूम आल्यावर दुसरं काय होणार. थोडक्यात, मूळ वस्तू सव्वातीनशेची, बाकी सगळे पैसे गाइडचे, आणि गाइड लाल पडद्यापाशी थांबतो.

म्हणून माझं म्हणणं असं. पुरुष असाल आणि पहिल्यांदाच जात असाल तर टूर घ्या, मजा येईल. बाई असाल तर बुकिंगच्या आधी मेल करून विचारा की बायकांकडे बाईगाइड आत येणार का, नाही म्हणाले तर सोडून द्या, लूप स्वतः पळा आणि वर लिहिलेलं वाचून थेट सेंतोत जा. बहुतेक सेंतो दुपारी तीन-चारनंतर उघडतात आणि रात्री उशिरापर्यंत चालू असतात, तेव्हा सकाळी पळायची आपली सवय तिथे बाजूला ठेवा. सुट्टी प्रत्येकाची वेगळी असते, आधी बघून जा. सुटे पैसे ठेवा. टॉवेल भाड्याने मिळतो पण छोटासाच, घरचा पंचा न्या, उत्तम चालतो. केसांना तेल लावून जाऊ नका. टॅटू असेल तर ऑनसेनमध्ये, म्हणजे गरम झऱ्याच्या न्हाणीघरात, बऱ्याचदा अडवतात, सेंतोत सहसा अडवत नाहीत, तरी विचारून घ्या.

हो, ऑनसेन आणि सेंतो एक नाही. सेंतोत बहुतेक वेळा साधंच पाणी तापवलेलं असतं. ऑनसेन म्हणवून घ्यायला 1948 च्या कायद्याप्रमाणे जमिनीतून निघताना पाणी निदान 25 अंश असावं लागतं किंवा त्यात ठरावीक खनिजं तरी. त्या हिशोबाने तानसा नदीच्या काठची आपली अकलोलीची कुंडं सरळ पास होतात. तिथे आधी बसून साबण लावायला चार नळ, चार स्टुलं आणि बायकांसाठी एक धड आडोसा एवढं जरी कोणी केलं तरी वज्रेश्वरीच्या रस्त्यावर रविवारचा लाँग रन ठेवायला माझा ग्रुप एका पायावर तयार आहे.