आर्कमधली जनावरं दुसऱ्या मॅपवर न्यायची कशी: ओबेलिस्क, क्रायोपॉड, अंडं की तिथंच नवीन टेम?

टिळकवाडीत आमच्या घरी एक जुना कॉम्प्युटर फक्त आर्कसाठी, म्हणजे डायनासोर पाळून जगायच्या त्या खेळासाठी, ठेवलाय. त्यावर दोन सर्व्हर चालतात, एक आयलंड या मॅपचा आणि एक रॅग्नारॉकचा, आणि दोन्ही एका क्लस्टरमध्ये जोडलेत, म्हणजे एकीकडून दुसरीकडं जाता येतं. खेळणारे सगळे घरचेच: मी, धाकटा भाऊ, निपाणीचा चुलत भाऊ, कोल्हापूरला शिकायला गेलेली पुतणी आणि जांबोटीचा भाचा. परवा निपाणीहून फोन आला. "दादा, आयलंडवर करण्यासारखं काही उरलं नाही. रॅग्नारॉकला जातो म्हणतोय. पण माझी जनावरं?" फोनवर सांगता सांगता अर्धा तास गेला, तरी निम्मं राहिलंच. म्हणून हे सगळं नीट लिहून काढलंय. त्याच्यासारख्या पेचात असलेल्या दुसऱ्या कुणालाही उपयोगी पडेल.

लिहितोय ते सर्व्हायव्हल इव्हॉल्व्डबद्दल, म्हणजे २०१५ मध्ये अर्ली ॲक्सेसला आलेल्या आणि २०१७ मध्ये पूर्ण झालेल्या जुन्या आर्कबद्दल. २०२३ चं असेंडेड हा वेगळा खेळ आहे. इव्हॉल्व्डमधली जनावरं तिकडं नेता येत नाहीत, त्यामुळं ती आशा आधीच सोडा.

रस्ते चार आहेत. गाव सोडून जाणाऱ्या शेतकऱ्यापुढं जे असतात तेच: गाय वाहतूकवाल्याच्या हवाली करायची, स्वतःच्या गाडीत घालून न्यायची, नुसतं वासरू न्यायचं, नाहीतर तिथल्या बाजारात नवीन घ्यायची (खेळात टेम करणं, म्हणजे रानातलं जनावर माणसाळवणं). यातलं काय करायचं हे माझ्या मते एकाच गोष्टीवर ठरतं. त्या जनावरात असं काय आहे, जे पुन्हा मिळणार नाही? लेव्हल पुन्हा मिळते. रंग, म्युटेशन (पैदाशीत अचानक आलेला बदल), इम्प्रिंट (पिलू स्वतः वाढवल्यानं जुळलेलं नातं) मिळत नाहीत, किंवा मिळवायला आठवडे जातात.

ओबेलिस्क

ओबेलिस्क म्हणजे मॅपवर उभे असलेले उंच मनोरे. हा सगळ्यात जुना आणि सरळ रस्ता. जनावर ओबेलिस्कखाली उभं करायचं, टर्मिनल उघडायचं, यादीतून त्याला निवडून अपलोड करायचं. जनावर डोळ्यांसमोरून नाहीसं होतं. मग तुम्ही दुसऱ्या मॅपवर जायचं आणि तिथल्या टर्मिनलवरून त्याला उतरवून घ्यायचं. नव्या मॅपवर ओबेलिस्क लांब असला तर आकाशातून पडणाऱ्या ड्रॉपवरूनही हे काम होतं, आणि नवख्या मॅपवर हा मोठा आधार असतो. लेव्हल, रंग, म्युटेशन, इम्प्रिंट सगळं जसंच्या तसं राहतं. अंगावरचं सामान मात्र आधी काढून घ्यावं.

अडचण आहे ती घड्याळाची. अपलोड केलेलं जनावर कायमचं वर राहत नाही. मूळ सेटिंगप्रमाणं ८६,४०० सेकंद, म्हणजे बरोबर चोवीस तास. तेवढ्यात उतरवलं नाही तर ते गेलं. शहरात बसून खेळणाऱ्याला चोवीस तास भरपूर वाटतील. आमच्याकडं पावसाळ्यात तसं म्हणता येत नाही.

भाच्यानं एक अर्जेंटाविस, म्हणजे पाठीवर बसून उडता येईल एवढा मोठा पक्षी, अंड्यापासून वाढवला होता. शाळेतून आला की दप्तर टाकून आधी त्याला कडल करायचा, म्हणजे जवळ घ्यायचा, त्यानंच इम्प्रिंट वाढते. जुलैमध्ये एका संध्याकाळी त्यानं तो आयलंडवरून वर चढवला आणि जेवून आल्यावर रॅग्नारॉकवर उतरवू म्हणून उठला. त्याच रात्री जांबोटीच्या बाजूला वाऱ्यानं झाडं पडली आणि त्यांच्याकडची वीज गेली, ती तिसऱ्या दिवशी आली. टिळकवाडीत सर्व्हर चालूच होता, घड्याळ पळतच होतं. मला कळलं असतं तरी काही करता आलं नसतं, कारण अपलोड ज्याच्या त्याच्या खात्यावर राहतं, सर्व्हरवाल्यालाही ते दुसऱ्यासाठी उतरवता येत नाही. तिसऱ्या दिवशी त्याचा फोन आला, "मामा, माझा अर्जेंट यादीत दिसेना झालाय की वो." मी ॲडमिन कमांड देऊन तेवढ्याच लेव्हलचा दुसरा उभा करून दिला. तो त्यावर बसला, बेसभोवती एक घिरटी मारली, उतरला आणि म्हणाला, "हा तो नव्हे वो मामा." खरंच होतं ते. पाठीवरचे पट्टे वेगळे होते आणि इम्प्रिंट नव्हती.

दुसऱ्या दिवशी मी सर्व्हरच्या सेटिंगच्या फाइलीत 'ट्रिब्यूट डायनो एक्स्पिरेशन सेकंड्स' हा आकडा २,५९,२०० केला, म्हणजे तीन दिवस, आणि तोही दोन्ही मॅपवर. तुमचा सर्व्हर घरचा असेल तर हे आजच करा. दुसऱ्याच्या सर्व्हरवर खेळत असाल तर चालवणाऱ्याला आधी विचारा. जनावरं चढवायला किंवा उतरवायला बंदी घालण्याचीही सोय सेटिंगमध्ये असते. चढवायला परवानगी असलेल्या मॅपवरून चढवलं आणि उतरवायला बंदी असलेल्या मॅपवर पोचलात, तर जनावर मधेच लटकतं. वरच्या यादीत एका वेळी वीसच जनावरं मावतात, हेही मोजून ठेवा.

क्रायोपॉड

२०१८ च्या नोव्हेंबरात एक्स्टिंक्शन मॅपबरोबर क्रायोपॉड आला आणि जनावरं नेण्याची पद्धतच बदलली. पॉड हातात धरून जनावरावर रोखायचा. थोड्या वेळात ते गोठल्यासारखं होऊन पॉडमध्ये जातं, आणि एवढा थोरला रेक्स खिशातली वस्तू होतो.

ओबेलिस्क आणि पॉड यांची तुलना करताना बहुतेकजण वेगाबद्दल बोलतात. मला त्याहून महत्त्वाचा वाटतो तो बेसपासून ओबेलिस्कपर्यंतचा रस्ता. जनावरं मरतात ती तिथं. रेक्स हळू चालतो, वाटेत नदी लागते, झाडीतून काहीतरी धावून येतं. पाच रेक्स न्यायचे तर पाच खेपा, नाहीतर एकामागून एक ओळीनं चालवत न्यायचे आणि मागचा कुठं अडकला ते मान वळवून बघत राहायचं. शिवाय पहिला वर चढवल्यापासून त्याचं घड्याळ सुरू, तुम्ही अजून पाचव्याला आणायला निघालेले. पॉडमध्ये भरलेल्या जनावरांना हा प्रवासच नाही. बेसवरच सगळी भरायची, एकटे ओबेलिस्कला जायचं आणि शेवटच्या क्षणी एकदम चढवायची.

पण पॉड वापरला म्हणजे घड्याळ सुटलं, असं समजू नका. पॉड वस्तूंच्या यादीत जातो. वस्तूंनाही मूळ सेटिंगमध्ये चोवीस तासच मिळतात आणि पन्नासाची मर्यादा असते. वस्तूंच्या मुदतीचा आकडा सेटिंगमध्ये वेगळा असतो, तोही वाढवायला लागतो. जनावरांचा वाढवून वस्तूंचा तसाच ठेवणारे मी पाहिलेत.

पॉडची स्वतःचीही काळजी घ्यावी लागते. खिशात ठेवलेल्या पॉडची बॅटरी तीस दिवस पुरते. संपली की आतलं जनावर मरतं. जास्त दिवस ठेवायचं असेल तर क्रायोफ्रिज पाहिजे आणि त्याला वीज पाहिजे. म्हणून नव्या मॅपवर पोचल्यावर पहिल्या आठवड्यात घर, गिरण्या, भिंती यांच्याआधी जनरेटर आणि फ्रिज यांच्यामागं लागा. सर्व्हरवर क्रायोसिकनेस चालू असेल तर एक जनावर बाहेर काढल्यावर पाच मिनिटांच्या आत दुसरं काढू नका. ते बेशुद्ध पडतं आणि अनोळखी किनाऱ्यावर बेशुद्ध जनावर म्हणजे रानातल्या रॅप्टरांना आयतं जेवण. जवळ चालू क्रायोफ्रिज असेल तर हा त्रास होत नाही.

पिलं पॉडमध्ये घातली की त्यांची वाढ थांबते आणि भूकही थांबते. परीक्षेच्या दिवसांत घरातल्या मुलांना याचा फार आधार झाला.

एक्स्टिंक्शनचे टायटन मात्र कोणत्याही रस्त्यानं जात नाहीत, ना पॉडमध्ये, ना ओबेलिस्कवरून. ते त्या मॅपचेच.

सर्व्हायव्हर कोणता नेताय?

सर्व्हायव्हर म्हणजे खेळातलं तुमचं पात्र. हे फारसं कुणी सांगत नाही, म्हणून मधेच सांगतो. इम्प्रिंट पूर्ण असली तर जनावराच्या अंगच्या आकड्यांत वीस टक्क्यांपर्यंत वाढ होते, आणि ज्यानं इम्प्रिंट केलं तोच वर बसला तर हल्ला आणि मार सोसण्याची ताकद यांत आणखी तीस टक्क्यांचा फायदा मिळतो. हा दुसरा फायदा त्या सर्व्हायव्हरशी बांधलेला असतो. धाकट्या भावानं रॅग्नारॉकवर गेल्यावर हौसेनं नवा सर्व्हायव्हर बनवला, नाव तेच दिलं. रेक्स नीट उतरला, पण तीस टक्के लागू होईनात. नाव तेच असलं तरी खेळाच्या दृष्टीनं तो परका माणूस होता. इम्प्रिंट केलेली जनावरं नेत असाल तर जुना सर्व्हायव्हरच अपलोड करून न्या. तुमची लेव्हल आणि शिकलेले एन्ग्राम, म्हणजे वस्तू बनवायच्या कृती, हेही त्याच्याबरोबर येतात.

अंडं

फलित अंडंही वस्तूसारखं नेता येतं. आईबापांची जन्मजात गुणवत्ता आणि म्युटेशन पिलात उतरतात. टेम केल्यानंतर तुम्ही हातानं वाढवलेल्या लेव्हल मात्र उतरत नाहीत, तिथं शून्यापासून सुरुवात. रेक्सच्या अंड्याला ३२ ते ३४ अंश तापमानात पाच तास लागतात आणि पिलू मोठं व्हायला, वेग न वाढवलेल्या सर्व्हरवर, जवळजवळ चार दिवस. पहिल्या दहा टक्के वाढीपर्यंत पिलू कुंडातलं खात नाही. मांस त्याच्याच अंगावर ठेवायला लागतं, आणि ते संपतंय का हे बघायला कुणीतरी जागं राहायला लागतं. कडल दर आठ तासांनी.

एवढं सगळं असताना अंडं का न्यायचं? कारण कधी कधी जनावर वापरणारा माणूस बदलतो. पुतणीनं माझ्याकडं रेक्स मागितला तेव्हा मी तिला मोठा रेक्स दिला नाही, अंडं दिलं. मोठा दिला असता तर त्याच्यावरची इम्प्रिंट माझ्या नावाची राहिली असती. तीन रात्री तिनं कोल्हापूरच्या खोलीवर गजर लावून ते पिलू वाढवलं, आणि आता त्यावर बसली की पूर्ण फायदा तिला मिळतो. दुसऱ्याला द्यायचं असेल तर माझ्या मते अंडंच द्यावं. स्वतःसाठी अंडं नेण्यात अर्थ नाही.

तिथंच नवीन टेम

डिफिकल्टी ५ वर ठेवली असेल तर रानात १५० लेव्हलपर्यंतची जनावरं मिळतात, आणि टेम करताना टेमिंग इफेक्टिव्हनेस पूर्ण राखली तर ती २२५ च्या आसपास उभी राहतात. अँकायलोसॉरस, पॅरासॉर अशी कामाची जनावरं नेण्यात वेळ घालवू नका, तिथंच करा. ज्याच्यात तुमची मेहनत अडकलेली नाही ते मागं ठेवलं तर काही बिघडत नाही.

ॲबरेशनला जाणार असाल तर हाच रस्ता जास्त लागतो. तिथं उडणारी जनावरं चालत नाहीत, आणि जेनेसिसच्या पहिल्या भागातही उडता येत नाही. अर्जेंटाविस, टेरानोडॉन, वायव्हर्न जुन्या मॅपवरच पॉडमध्ये घालून, वीज असलेल्या फ्रिजमध्ये ठेवून जा.

निपाणीच्या भावाला शेवटी असं सांगितलं. त्याचे पाच रेक्स स्वतःच्या हातचे आणि इम्प्रिंट केलेले आहेत, ते पॉडमधून, जुना सर्व्हायव्हर घेऊन. अर्जेंटाविस रॅग्नारॉकवर नेता येतो, तोही पॉडमध्येच. अँकायलो आणि डोडो बायकोच्या बेसवर ठेवायचे, ती आयलंडवरच खेळणार आहे. दोन अंडी तिच्या सांगण्यावरून जपून ठेवायची, न्यायची नाहीत. शनिवारी रात्री आभाळ मोकळं असलं तरच, दहा वाजता. तोवर मी रॅग्नारॉकच्या किनाऱ्यावर जनरेटर आणि एक क्रायोफ्रिज लावून ठेवतो. तो पोचला की आधी रेक्स बाहेर काढायचे नाहीत, पाचही पॉड थेट फ्रिजमध्ये घालायचे, आणि मग एकेक करून, भोवतालचा भाग बघून, बाहेर काढायचे.

भाचाही त्या रात्री येणार आहे. त्यानं नवीन अर्जेंटाविसचं अंडं मिळवलंय, आणि ते या वेळी रॅग्नारॉकवरच, आमच्या बेसवर उबवायचं म्हणतोय.